नोंद एकाची, ताबा दुसऱ्याचा
(प्रस्तावना)

जमिनीच्या दाव्यात साक्षीदाराची उलटतपासणी सुरू झाली की एक प्रश्न ठरलेला असतो : ‘सातबाऱ्यावर नाव कोणाचं आहे?’ साक्षीदार खाली मान घालून नाव सांगतो. विचारणारा वकील मग न्यायाधीशांकडे असा पाहतो, जणू आता निकाल तेवढा टंकायचा राहिला आहे. कायद्याने पाहिले तर या उत्तराने फार थोडे ठरते. महसुली दप्तरातील नोंदीने कोणाला मालकी मिळत नाही आणि कोणाची जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सावर्णी विरुद्ध इंदर कौर या 1996 च्या निकालात सांगितले. 2021 साली जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या प्रकरणात तेच पुन्हा सांगावे लागले. मधल्या काळात देशभरच्या न्यायालयांनी ते किती वेळा सांगितले याची मोजदाद कोणी ठेवली नसेल.

तरीही माणसे नाव लावण्यासाठी आणि लागलेले नाव उडवण्यासाठी आयुष्यभर भांडतात. ती वेडी नाहीत. सोसायटीचे कर्ज उताऱ्यावर मिळते. पीकविमा, अतिवृष्टीचे अनुदान, पीएम-किसानचा हप्ता हे सगळे उताऱ्यावर मिळते. रस्त्यासाठी किंवा धरणासाठी जमीन गेली तर मोबदल्याची नोटीस उताऱ्यावरच्या नावाने निघते. खरेदीखत करायला गेलात तर दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात आधी चालू उतारा मागतात. न्यायालयात जो कागद दुय्यम ठरतो, त्याच्यावाचून न्यायालयाबाहेर पाऊल पुढे पडत नाही. आणि दावा वीस वर्षे चालणार असेल, तर माणसाला जगायचे असते ते न्यायालयाबाहेरच. पुढील प्रकरणे या वीस वर्षांविषयी आहेत. वाद उभा राहिल्यापासून तो मिटेपर्यंत सरकारी दप्तरात काय लिहिले जाते, कोण लिहिते, कशाच्या आधारावर लिहिते आणि प्रत्यक्ष बांधावर तेव्हा काय चाललेले असते, एवढाच त्यांचा विषय आहे.

दुसऱ्या टोकाला जाऊन ‘सातबाऱ्याला काही किंमत नाही’ असे म्हणणारेही भेटतात. तेही चूक. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 चे कलम 157 सांगते की अधिकार अभिलेखातील प्रमाणित नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत किंवा तिच्या जागी कायदेशीर रीतीने दुसरी नोंद येईपर्यंत, खरी मानायची. म्हणजे नोंद ज्याच्या बाजूची, त्याला शांत बसता येते. सिद्ध करण्याचे ओझे दुसऱ्यावर पडते. खेड्यातल्या दाव्यात साक्षीदार म्हातारे झालेले, कागद वाळवीने खाल्लेले, आणि विरुद्ध बाजू तालुक्याला वजन असलेली. अशा वेळी ओझे कोणावर, यातच अर्धा निकाल असतो.

हे दप्तर मुळात मालकी ठरवण्यासाठी जन्मलेच नव्हते. शिवकाळात आणि पेशवाईत वतनाचा तंटा गोतसभेपुढे जाई. साक्षी होत, क्वचित दिव्य केले जाई, आणि निवाड्याचा महजर होई. त्या महजरावर गावच्या पाटील-कुलकर्ण्यांपासून बलुतेदारांपर्यंत सगळ्यांच्या निशाण्या असत. निवाडा कोणाच्या समक्ष झाला हे त्यात स्पष्ट लिहिलेले असे. कंपनी सरकारला ही भानगड नको होती. त्याला सारा हवा होता. प्रिंगलने पुणे जिल्ह्यात पहिली पाहणी केली, तिचा आकार रयतेला पेलला नाही आणि शेतकरी जमिनी टाकून निघून गेले. मग गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी 1835 च्या सुमारास इंदापूर तालुक्यापासून नव्याने सुरुवात केली. तेहतीस फुटी साखळीने शेते मोजली, जमिनीची प्रत आण्यांत ठरवली आणि प्रत्येक सर्व्हे नंबरला एक खातेदार लिहून टाकला. शेतात आणखी कोणाचा हिस्सा आहे, कोण गहाणदार आहे, कोण नुसता कसतो आहे, याच्याशी सरकारला कर्तव्य नव्हते. सारा कोण भरणार, एवढे कळले की पुरे.

त्या कोऱ्या जागेचा फायदा सावकाराने घेतला. 1875 साली सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांचे दस्तऐवज जाळले, त्यामागे हीच तफावत होती : खाते एकाचे, जमीन कसणार दुसरा आणि पीक घेऊन जाणार तिसरा. जमिनीत कोणाचे कोणते हक्क आहेत याची नोंदवही ठेवण्याचा कायदा मुंबई इलाख्यात 1903 साली झाला, आणि दहा वर्षांनी तो 1879 च्या जमीन महसूल कायद्यातच सामावून घेतला गेला. आजचा गाव नमुना सात आणि सहा त्या वंशातले. साऱ्याच्या वहीला हक्काची वही जोडली गेली, पण लिहिणारा हात साऱ्याचाच राहिला. माझ्या मते आपल्या जमीनवादांतील निम्मा घोळ या एका गोष्टीत आहे.

सारे महाराष्ट्रात एकच दप्तर आहे असेही नाही. मराठवाड्यात जुना हक्क शोधायचा तर 1954 चे खासरा पत्रक आणि 1950 चा हैदराबाद कुळकायदा हाताशी लागतो; मुंबई इलाख्यातल्या कुळाची गोष्ट 1948 च्या कायद्यापासून आणि 1 एप्रिल 1957 च्या कृषकदिनापासून सुरू होते. गावठाणातल्या घराला तर सातबाराच नसतो. तिथे लोक ग्रामपंचायतीचा नमुना आठ नाचवतात, जो घरपट्टीचा उतारा आहे आणि त्यापलीकडे फारसे काही नाही.

आता फेरफाराकडे येऊ. माणूस मेला, जमीन विकली गेली, वाटप झाले, बक्षीसपत्र झाले की तलाठी (2024 पासून ग्राम महसूल अधिकारी, लोक अजून भाऊसाहेबच म्हणतात) नमुना सहामध्ये नोंद धरतो. तिची प्रत चावडीवर लावायची, ज्यांचा संबंध दिसतो त्या सर्वांना नोटीस द्यायची आणि हरकतीसाठी पंधरा दिवस थांबायचे. हरकत तोंडीही चालते, आणि तलाठ्याने तिची लेखी पोच द्यायची असते. ही गोष्ट कायद्यात स्पष्ट आहे आणि चावडीत फार थोड्यांना माहीत आहे. हरकत आली की नोंद ‘तक्रारी’ होते आणि विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत, म्हणजे नमुना सहा-अ मध्ये जाते. बिनतक्रारी नोंद मंडळ अधिकारी प्रमाणित करतो. तक्रारी नोंदीवर सुनावणी होते. कायदा म्हणतो, ती होईल तितके करून वर्षाच्या आत निकाली काढावी. ‘होईल तितके करून’ या सवलतीवर आपल्या महसूल खात्याने बरीच दशके काढली आहेत.

सुनावणीत काय ठरते? तहसीलदाराने पाहायचे ते एवढेच की दाखवलेला दस्त वरवर पाहता नोंद धरण्याजोगा आहे का आणि नोटिसा नीट लागल्या आहेत का. मृत्युपत्र खरे की खोटे, सही आजोबांची की नातवाची, खरेदी दबावाखाली झाली का, हे त्याने ठरवायचे नाही. ते दिवाणी न्यायालयाचे काम. पण समोर दोन तापलेले पक्षकार आणि दोन तापलेले वकील असले की निकालपत्रात तहसीलदारही सही ओळखू लागतो. मग साठ दिवसांत प्रांताकडे अपील, त्यावर दुसरे अपील, पुढे पुनरीक्षण, आणि प्रकरण मंत्रालयाच्या मजल्यावर. इतके करून हाती येते ती नोंद, मालकी नव्हे. दिवाणी दावा त्याच वेळी शेजारच्या इमारतीत चालू असतो, आणि दोन्ही ठिकाणी तेच कागद वेगवेगळ्या क्रमाने दाखल झालेले असतात.

उदाहरण म्हणून एक वाद जरा जवळून पाहू. नावगाव लावत नाही, पण महाराष्ट्रातल्या कोणत्याही तालुक्यात तो सापडेल. वडील 1961 साली वारले. मागे तीन मुलगे, दोन मुली आणि अकरा एकर. वारस फेरफारात थोरल्याचे नाव लागले आणि नावापुढे ‘ए.कु.मॅ.’, म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. बहिणी इतर हक्कात गेल्या. त्या काळी यात कोणालाच काही वावगे वाटले नाही. घरातला मोठा माणूस चावडीत जाईल, सारा भरेल, एवढाच अर्थ. हस्तलिखित सातबारे दर दहा वर्षांनी नव्याने लिहिले जात. अशाच एका पुनर्लेखनात ‘ए.कु.मॅ.’ ही अक्षरे उतरवायची राहिली. कोणी मुद्दाम गाळली की हात दुखत होता म्हणून राहिली, ते आज सांगता येणार नाही. पुढच्या पुनर्लेखनात बहिणींची नावेही इतर हक्कातून ओघळली. उरला एकटा थोरला, पूर्ण अकरा एकरांचा भोगवटादार.

प्रत्यक्षात तिघे भाऊ आपापले तुकडे कसत होते. विहीर सामाईक, पाळी ठरलेली. थोरला 1988 मध्ये गेला, तेव्हा वारस म्हणून फक्त त्याच्या मुलांची नावे लागली. नोटिसा उताऱ्यावरच्या नावांनाच गेल्या. धाकट्यांना कळायचे कारणच नव्हते. थोरल्याच्या मुलांनी सोसायटीचे कर्ज काढले आणि अकरा एकरांवर इकरार चढला. मग रस्ता रुंद व्हायचा ठरला, भूसंपादनाची नोटीस आली, आणि चाळीस वर्षे कोणाला न खुपलेला कागद एका आठवड्यात सगळ्या घराला खुपू लागला.

अशा वेळी धाकट्याचा मुलगा आधी तलाठ्याकडे जातो. तलाठी चालू उतारा दाखवून म्हणतो, तुमचे नाव नाही. तिथून तो वकिलाकडे येतो. वकिलाने पहिल्यांदा काय मागावे? 1961 चा वारस फेरफार. तालुक्याच्या अभिलेख कक्षात तो बहुधा सापडतो. त्यात ‘ए.कु.मॅ.’ असेल आणि पुढे कोणत्याही फेरफाराने ते कमी केलेले नसेल, तर ही लेखनातली चूक आहे, आणि कलम 155 खाली तहसीलदार ती दुरुस्त करू शकतो. पण 155 ची मर्यादा इथेच संपते. मूळ नोंदीत होते आणि नकलेत राहिले, तेवढे परत आणता येते. कोणाला किती हिस्सा, हे त्या कलमाखाली ठरवता येत नाही. तसे ठरवणारे आदेश निघतात, आणि वरच्या पायरीवर टिकत नाहीत, ही गोष्ट वेगळी. हिश्शासाठी वाटपाचा दावाच हवा. आणि त्या दाव्यात दोघी बहिणी, किंवा त्यांचे वारस, आवश्यक पक्षकार आहेत, हे भावांच्या बाजूने येणाऱ्या वकिलाला बऱ्याचदा आठवत नाही. 1956 च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने वडिलांच्या वाट्यात मुलींचा हक्क तेव्हाही होता. 2005 च्या दुरुस्तीने आणि 2020 च्या विनीता शर्मा निकालाने सहदायाद म्हणून मुलींचे स्थान पक्के झाले, पण बहिणींना आपला हक्क पहिल्यांदा कळतो तो बहुधा हक्कसोडपत्रावर सही मागायला भाऊ दारात येतो तेव्हा.

थोरल्याच्या मुलांची बाजू काय असते? ‘आमचे नाव इतकी वर्षे आहे, आमचाच ताबा आहे, आता प्रतिकूल कब्जाने जमीन आमची झाली.’ सहहिस्सेदारांमध्ये हे सहजी चालत नाही. एकाचा ताबा तो सर्वांचा ताबा. दुसऱ्याला उघडपणे हक्क नाकारून बाहेर काढले आणि त्यानंतर बारा वर्षे लोटली, असे दाखवावे लागते. उताऱ्यावर एकट्याचे नाव असणे म्हणजे असे बाहेर काढणे नव्हे.

मग ताबा सिद्ध कशाने होतो? या प्रश्नावर मी सर्वांत जास्त पाने खर्च केली आहेत, कारण दप्तर इथे सर्वांत कच्चे आहे. नमुना बारा, म्हणजे पिकांची नोंद, वर्षानुवर्षे तलाठ्याने चावडीत बसून भरली. मागील पानावरचा ऊस यंदाही ऊस, ज्वारी ती ज्वारी. उताऱ्यावर नाव नसलेला कोणी प्रत्यक्ष कसत असेल तर तलाठ्याने परस्पर त्याचे नाव लावायचे नाही. फॉर्म चौदा भरून तहसीलदाराकडे पाठवायचा आणि त्याच्या चौकशीनंतरच नोंद घ्यायची. 1971 च्या नियमांतली ही तरतूद कुळकायद्याच्या काळातल्या ‘रातोरात कूळ’ प्रकारांना आळा घालण्यासाठी योग्यच होती. तिचा उलटा परिणाम असा की खरोखर कसणारा, पण कागद नसलेला माणूस दप्तरात कधी दिसतच नाही.

15 ऑगस्ट 2021 पासून ई-पीक पाहणी आली. शेतकरी स्वतः मोबाईलवर पिकाचे छायाचित्र घेऊन नोंद करतो. कामाची सोय झाली यात शंका नाही, पण वादातल्या जमिनीपुरते माझे मत प्रतिकूल आहे. छायाचित्र सांगते की या गटात सोयाबीन उभे आहे. ते कोणी पेरले हे सांगत नाही. नोंद खातेदाराच्या नावाने होते. म्हणजे ज्याचे नाव आहे त्याने शेजाऱ्याच्या घामाच्या पिकापुढे उभे राहून फोटो काढला, तरी दप्तर त्याचेच. न्यायालयात मला आजही जास्त वजनदार वाटतात ते इतर कागद : साखर कारखान्याकडील ऊसनोंद, पाणीपट्टीच्या पावत्या, विहिरीवरच्या मोटरचे वीजबिल, आणि शेजारच्या बांधावरचा असा खातेदार ज्याचे दोघांशीही भांडण नाही. हा शेवटचा पुरावा दिवसेंदिवस दुर्मीळ होत चालला आहे.

हद्दीचा वाद असेल तर मोजणी. भूमी अभिलेख कार्यालयाचा भूकरमापक हद्दकायम मोजणी करून देतो आणि नकाशाच्या ‘क’ प्रतीवर अभिलेखाप्रमाणे हद्द आणि वहिवाटीची हद्द वेगळी दाखवतो. मान्य नसेल तर निमताना मोजणी, मग सुपर निमताना. मोजणी अतिक्रमण दाखवते. ते काढून देत नाही. पोलिसांना बोलावले तर ‘दिवाणी स्वरूपाचा वाद’ म्हणून समजपत्र मिळते. जबरदस्तीने ताबा घेतला गेला असेल तर विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 6 खाली, मालकीच्या प्रश्नात न शिरता, ताबा परत मागता येतो. शेतजमिनीसाठी 1906 चा मामलेदार न्यायालय कायदाही आहे. दोन्हीकडे मुदत सहा महिन्यांची. ती बहुतेकांची पंचायतीत, आमदारांच्या बैठकीत आणि ‘बघू, दिवाळीनंतर बसू’ यात निघून जाते.

‘जैसे थे’ हा आदेशही असाच फसवा. न्यायाधीश तो घाईत देतात, दोन्ही बाजू समाधानाने बाहेर पडतात आणि दुसऱ्या दिवशी दोन्ही बाजू नांगर घेऊन शेतात हजर होतात. कारण आदेशाच्या दिवशी ताबा कोणाचा होता हे त्या आदेशात लिहिलेलेच नसते. कोर्ट कमिशनर नेमून त्या दिवसाची स्थिती लिहून घेतल्याशिवाय असा आदेश मागू नये, असे मी माझ्या ज्युनिअरांना सांगत आलो आहे.

वाद चालू असल्याचे दप्तराने सांगावे का, हा यातला सर्वांत नाजूक प्रश्न. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम 52 म्हणते की दावा चालू असताना झालेली विक्री निकालाला बांधील राहते. बृहन्मुंबईत 1939 च्या दुरुस्तीमुळे त्यासाठी दाव्याची नोटीस नोंदवावी लागते. इतरत्र ग्राहकाला दावा आहे हे कळायची सोय काय? काही वर्षांपूर्वीपर्यंत अशा नोटिसांची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात घेतली जाई. तिचा गैरवापर झाला. दीडशे रुपयांचा दावा लावायचा, नोंद चढवायची आणि विक्री अडवून पैसे मागायचे, हा काही लोकांचा धंदाच झाला. म्हणून शासनाने धोरण बदलले : नुसत्या दाव्याची नोंद नको, न्यायालयाचा मनाई आदेश असेल तर घ्या. कारण समजते, उपाय मात्र मला पटलेला नाही. खोट्या दाव्याला दंड करण्याऐवजी खऱ्या दाव्यालाही अदृश्य केले. आजच्या संगणकीय उताऱ्याच्या तळाशी ‘प्रलंबित फेरफार’ छापून येतो, तो थोडा आधार. पण तो महसुली वादापुरता. दिवाणी न्यायालयात पंधरा वर्षे चाललेला दावा त्या ओळीत कुठेच नसतो, आणि पुण्या-मुंबईचा ग्राहक स्वच्छ उतारा पाहून बयाणा देऊन मोकळा होतो.

गोव्यात उताऱ्याचे नाव एक-चौदा. 1968 च्या तिथल्या जमीन महसूल कायद्यातही नोंद खरी मानण्याचे गृहीतक आहेच. भर पडते ती पोर्तुगीज काळातल्या दस्तांची आणि परदेशी गेलेल्या मालकांची. बनावट कागदांवर अशा जमिनी हडपल्याच्या तक्रारी इतक्या वाढल्या की 2022 साली विशेष तपास पथक आणि निवृत्त न्यायमूर्तींचा एकसदस्यीय आयोग नेमावा लागला. त्यावर वेगळे प्रकरण आहे.

संगणकीकरणाने बरेच सुधारले. 2018 पासून डिजिटल सहीचा उतारा घरबसल्या मिळतो, नोंदणीकृत दस्ताची माहिती थेट तलाठ्याच्या लॉगिनला पोचते, 2025 च्या जिवंत सातबारा मोहिमेत मृतांची नावे कमी होऊन वारसांची लागू लागली. पण ज्या दिवशी हस्तलिखित उतारा संगणकात भरला, त्या दिवशी त्यात असलेली चूकही टंकून भरली गेली, आणि तिच्याखाली आता अधिकाऱ्याची डिजिटल सही असते. ए.कु.मॅ. ची ती तीन अक्षरे कोणत्याही सॉफ्टवेअरला स्वतःहून सापडणार नाहीत.

म्हणून या पुस्तकाची मांडणी कलमांच्या क्रमाने केलेली नाही. जुन्या फेरफारापासून आजच्या उताऱ्यापर्यंत उतरत येण्याच्या क्रमाने केली आहे. पहिली तीन प्रकरणे फक्त फेरफार वाचण्यावर आहेत : शेरा कुठे पाहायचा, कंस कशाचा, प्रमाणित करणाऱ्याची सही आणि तारीख नोटिसेच्या मुदतीआधीची तर नाही ना. पुढे ताबा, मोजणी, दावा आणि शेवटी हुकूमनाम्याची अंमलबजावणी. वाटपाचा हुकूमनामा झाला तरी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे सारा भरणाऱ्या जमिनीचे सरस-निरस वाटप जिल्हाधिकाऱ्यामार्फतच व्हायचे असते. फाइल न्यायालयातून जिल्ह्याला, तिथून तहसीलला, तिथून मोजणीला जाते आणि ताबा पावती होईपर्यंत पक्षकारांपैकी एखादा वारलेला असतो, म्हणजे पुन्हा वारस फेरफार. वाचायला बसण्यापूर्वी आपल्या गटाचा चालू उतारा, आठ-अ आणि त्यावर क्रमांक दिलेल्या प्रत्येक फेरफाराची नक्कल काढून ठेवावी. फी फार नाही. नकला मिळायला वेळ लागतो, तेव्हा अर्ज आजच द्यावा.